आयआयटीत गरिबाला सगळं फुकट?

‘आयआयटीत गरिबाच्या पोराला एक रुपयाही लागत नाही’ असा मेसेज फिरतोय. अर्धंच खरंय. वर्षाची 2 लाखांची शिकवणी फी 2016 पासून अनुसूचित जाती-जमाती, दिव्यांग आणि 1 लाखाच्या आत कौटुंबिक उत्पन्न असलेल्यांना पूर्ण माफ. 1 ते 5 लाखांपर्यंत दोन तृतीयांश माफ. पण ही माफी शिकवणी फीपुरती. जागा पक्की करायचे पैसे आधी, तेही मुदतीत भरावे लागतात. 2024 मध्ये मुझफ्फरनगरच्या एका मजुराच्या मुलाला धनबादला इलेक्ट्रिकल मिळालं. 17,500 रुपयांची जुळवाजुळव होईतो संध्याकाळचे पाच वाजले, पोर्टल बंद. जागा गेली! सुप्रीम कोर्टाने ती परत मिळवून दिली, तेही तीन महिन्यांनी. आणि कोचिंगच्या फीचं तर मेसेजवाले नावच काढत नाहीत.