विडालचा आकडा शून्यावर आणायचा नसतो

परवा रात्री ताईचा फोन आला. आवाज रडवेला. "अगं, तिसरा कोर्स संपत आला तरी एच एकशेसाठच. उतरतच नाही मेला." विडाल म्हणजे टायफॉइडची रक्ततपासणी, तिच्या रिपोर्टवर ओ आणि एच असे आकडे येतात. ताप किती आहे विचारलं, तर ताप जाऊन दोन महिने झालेले. पहिल्याच कोर्समध्ये पाचव्या दिवशी उतरला आणि परत फिरकला नाही. डॉक्टरांनी अँटिबायोटिकचा कोर्स एकच दिला होता. पुढचे दोन तिने जुनी चिठ्ठी दाखवून स्वतःच आणले, कारण तिला कुणीतरी मेसेज पाठवला होता. आता तोंडाला चव नाही, पोट बिघडलंय, जिना चढताना धाप लागते.

तो मेसेज मी मागवून घेतला. त्याचं म्हणणं थोडक्यात असं. ताप आला की त्याच दिवशी विडाल करा. आकडा ८० किंवा वर आला तर टायफॉइड पक्का, निगेटिव्ह आला तर टायफॉइड नाहीच. ओ वाढला म्हणजे नवा टायफॉइड, एच वाढला म्हणजे अंगात मुरलेला. आकडा म्हणजे रक्तातले जंतू, तो शून्य होईपर्यंत अँटिबायोटिक थांबवू नका. लस घेतली की रिपोर्ट कायमचा पॉझिटिव्ह, म्हणून लस नको. आणि ब्लड कल्चर, म्हणजे रक्तातले जंतू वाढवून बघणं, हा नुसता वेळकाढूपणा.

मी वीस वर्षं प्रयोगशाळेत ही तपासणी स्वतःच्या हातांनी केली आहे. त्यामुळे सगळ्यात आधी त्या आकड्याबद्दल, कारण ताईच्या पोटात गेलेल्या जादा गोळ्या त्या एका वाक्यामुळे गेल्या.

विडालमध्ये जंतू मोजतच नाहीत. रुग्णाच्या रक्तातला एकही जंतू त्या तपासणीत लागत नाही. टायफॉइडचे मारलेले जंतू आमच्याकडे बाटलीत तयार येतात. बहुतेक किटमध्ये ओचे निळे रंगवलेले असतात आणि एचचे लाल. ओ आणि एच ही जंतूच्या दोन भागांची नावं, ते पुढे सांगते. रुग्णाच्या रक्तातून आम्ही फक्त सिरम घेतो, म्हणजे रक्त गोठल्यावर वर राहतो तो पिवळसर पातळ भाग. पहिल्या नळीत ते २० पट पातळ करायचं, पुढच्यात ४०, मग ८०, १६०, ३२०. प्रत्येक नळीत बाटलीतले जंतू घालायचे आणि नळ्या ३७ अंशांच्या पाण्यात ठेवायच्या. सकाळी उजेडासमोर धरून बघायचं. सिरममध्ये टायफॉइडविरुद्धची प्रतिपिंडं, म्हणजे अँटिबॉडीज, असतील तर ती जंतूंना एकमेकांना चिकटवतात. ओच्या नळीत तळाशी दाणेदार साका दिसतो, एचच्या नळीत पिंजलेल्या कापसासारखे सैल पुंजके. हलकंसं हलवलं तरी ते विस्कटतात. असे पुंजके ज्या शेवटच्या नळीत दिसतात, तिचा आकडा रिपोर्टवर जातो. १:१६० याचा अर्थ इतकाच, की सिरम १६० पट पातळ केल्यावरही त्यातली प्रतिपिंडं जंतूंना चिकटवू शकली.

प्रतिपिंडं शरीराने बनवलेली असतात. जंतू मेल्यावर ती लगेच नाहीशी होत नाहीत, होऊ नयेत अशीच शरीराची रचना आहे. ओविरुद्धची साधारण काही महिन्यांत ओसरतात, एचविरुद्धची वर्षानुवर्षं राहू शकतात. अँटिबायोटिक जंतूला मारतं. प्रतिपिंडाला त्याने काहीही होत नाही. म्हणजे ताई जी गोष्ट घालवण्यासाठी गोळ्या घेत होती, तिच्यावर त्या गोळीचा परिणाम होणं शक्यच नव्हतं. तिने दहा कोर्स केले असते तरी एच आपल्या वेळेनेच उतरला असता.

खरोखरचे जंतू मोजायला गेलात तर ऐन टायफॉइडमध्येही एक मिलिलिटर रक्तात साधारण एखादाच जिवंत जंतू सापडतो. "१६० जंतू" हा हिशेब आला कुठून, मला कळत नाही.

आणखी एक. नळ्या दुपटीने पातळ होत जातात, त्यामुळे एका नळीचा फरक वाचणाऱ्याच्या नजरेवरही पडू शकतो. तोच नमुना मी १६० वाचेन आणि शेजारची ८० वाचेल, दोघीही चुकलेल्या नसतील. म्हणूनच खऱ्या अर्थाने विडाल वाचायची तर दोन नमुने लागतात, दहा ते चौदा दिवसांच्या अंतराने, आणि त्यात निदान चौपट वाढ दिसावी लागते. "गेल्या आठवड्यात १६० होता, आता ८० आला, औषध लागू पडतंय" या वाक्याला म्हणूनच काही आधार नाही.

उगीच घेतलेल्या गोळ्यांनी जंतू औषधांना कसे दाद देईनासे होतात, हे टायफॉइड चांगलं दाखवतो. पाकिस्तानच्या सिंध प्रांतात २०१६ पासून पसरलेल्या टायफॉइडला क्लोरॅम्फेनिकॉल, अँपिसिलिन, कोट्रायमॉक्साझोल, सिप्रोफ्लॉक्सासिनच्या गटातली औषधं आणि सेफ्ट्रायॅक्झोन यांपैकी काहीच लागू पडेना. तोंडाने घ्यायचं म्हणाल तर अझिथ्रोमायसिन तेवढं हाताशी उरलं. ते घालवायचं नसेल तर रिपोर्टवरच्या आकड्यासाठी गोळ्या खाणं थांबवलं पाहिजे. याचा अर्थ डॉक्टरांनी दिलेला कोर्स ताप उतरला म्हणून अर्धवट सोडायचा असा कुणी घेऊ नये. तो पूर्णच करायचा. नंतरचा, स्वतःच्या मनाने वाढवलेला नको.

आता ओ आणि एच. इथे मेसेजमध्ये अर्धं खरं आहे, ते मी नाइलाजाने मान्य करते. प्रतिजन म्हणजे जंतूचा तो भाग, ज्याच्याविरुद्ध शरीर प्रतिपिंडं बनवतं. ओ म्हणजे जंतूच्या अंगाच्या भिंतीवरचा प्रतिजन, एच म्हणजे त्याच्या शेपटांवरचा. ही नावंही गमतीची आहेत. 'हाउख' म्हणजे जर्मनमध्ये श्वास. शेपटांनी पळणारे काही जंतू वाढताना, काचेवर फुंकर मारल्यावर धरतो तसा धूसर पडदा पसरवतात, म्हणून एच. बिनशेपटाचे तसा पडदा धरत नाहीत, म्हणून 'ओह्ने हाउख', अर्थात श्वासाविना, आणि त्याचा ओ. ओविरुद्धची प्रतिपिंडं आधी येतात आणि आधी जातात, एचविरुद्धची मागून येतात आणि टिकतात. त्यामुळे ओ नवा, एच जुना असं ढोबळ म्हटलं जायचं. पण ताज्या टायफॉइडमध्येही दुसऱ्या आठवड्यात एच वाढतोच. आणि ज्याला पूर्वी कधी टायफॉइड होऊन गेला आहे, त्याचा एच भलत्याच तापातही वर उसळू शकतो. एका रिपोर्टमधला एच बघून "मुरलेला टायफॉइड" म्हणता येत नाही.

मुरलेला हा शब्द लोकांच्या मनात बसलाय, त्यालाही एक खरी बाजू आहे. टायफॉइड होऊन गेलेल्यांपैकी थोड्या जणांच्या पित्ताशयात, विशेषतः खडे असतील तर, जंतू वर्ष उलटलं तरी राहतात. त्यांना ताप नसतो, पण त्यांच्या शौचातून जंतू बाहेर पडत राहतात. असे वाहक शोधायला टायफॉइडचा तिसरा प्रतिजन उपयोगी पडतो. तो म्हणजे व्ही-आय, जंतूवरचं साखरेचं कवच. १९३४ साली फेलिक्स आणि पिट यांनी तो दाखवला. हे कवच ओला इतकं झाकून टाकतं, की रुग्णाकडून नुकताच वाढवलेला जंतू ओविरुद्धची प्रतिपिंडं असलेल्या तयार सिरमला दादच देत नाही. तो उकळून घ्यावा लागतो, कवच उतरतं आणि मग तो चिकटतो. मी पहिल्यांदा हे केलं तेव्हा आमच्या वरिष्ठांनी मुद्दाम आधी न उकळता करायला लावलं होतं. पाच मिनिटं स्लाइड हलवत बसले, काही घडलं नाही. उकळल्यावर क्षणात दाणे पडले. वाहकांमध्ये व्ही-आयविरुद्धची प्रतिपिंडं बऱ्याचदा वाढलेली सापडतात, पण शिक्कामोर्तब होतं ते शौचाच्या कल्चरवर. नेहमीच्या विडालमध्ये व्ही-आय नसतोच, त्यामुळे वाहक ओळखण्याचं काम ती करू शकत नाही.

"८० किंवा वर म्हणजे पक्का, निगेटिव्ह म्हणजे नाहीच" याला जागतिक आरोग्य संघटनेची टायफॉइडवरची २००३ची मार्गदर्शिका पुरेशी आहे. कल्चरने सिद्ध झालेल्या टायफॉइडमध्येही ३० टक्क्यांपर्यंत रुग्णांची विडाल निगेटिव्ह येऊ शकते, असं त्यात स्पष्ट लिहिलंय. आणि उलट बाजूने मलेरिया, टायफस (हा टायफॉइडहून वेगळा ताप), दुसऱ्या जंतूंचा रक्तातला संसर्ग, यकृताचा सिरोसिस यांतही ती खोटी पॉझिटिव्ह येऊ शकते. कारण सोपं आहे. टायफॉइडच्या ओमधले ९ आणि १२ हे घटक फक्त त्याच्या मालकीचे नाहीत. १२ नंबरचा घटक टायफॉइडच्या भावकीतल्या पॅराटायफॉइड ए आणि बी या दोन्ही जंतूंतही आहे, ९ आणि १२ दोन्ही असणारे त्याच साल्मोनेला कुळातले दुसरे जंतूही आहेत. शिवाय जिथे टायफॉइड सर्रास आहे तिथे ठणठणीत माणसाचाही आकडा थोडा चढलेला असतो. म्हणून ८० ही रेघ सगळीकडे सारखी धरता येत नाही.

पहिल्या दिवशी विडाल करण्याबद्दल तर बोलायलाच नको. ओविरुद्धची प्रतिपिंडं पहिल्या आठवड्याच्या शेवटाला दिसू लागतात, एचची त्याहून उशिरा. पहिल्या दिवशी पॉझिटिव्ह आली तर ती बहुधा आधीच्या कशाची तरी खूण असते, आणि मग टायफॉइडचा शिक्का बसून खरा मलेरिया किंवा डेंग्यू मागे राहतो. हे मी होताना पाहिलंय.

लशीचं एका परिच्छेदात संपवते. जुन्या काळी अख्खे मारलेले जंतू टोचायचे, त्याने ओ आणि एच दोन्ही वाढायचे, हे खरं. तोंडाने घ्यायच्या जिवंत लशीनेही ओ वाढू शकतो. पण आता टोचतात त्या लशीत व्ही-आयची साखर असते, आणि विडाल व्ही-आय तपासत नाही. २०१८मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने सहा महिन्यांच्या बाळापासून पुढे द्यायला सांगितली ती याच साखरेची, प्रथिनाला जोडलेली लस. रिपोर्ट बिघडेल म्हणून ती टाळू नका.

राहिलं ब्लड कल्चर. वेळ लागतो, मान्य. दहापैकी साधारण चार टायफॉइड रुग्णांत तेही हुकतं, हेही मान्य, कारण रक्तात जंतू इतके विरळ. पण पॉझिटिव्ह आलं तर शंकेला जागा राहत नाही आणि कुठलं औषध चालेल तेही तिथेच कळतं. अट एकच. अँटिबायोटिकची पहिली गोळी पोटात जाण्याआधी, पहिल्या आठवड्यात, मोठ्या माणसाचं दहा-पंधरा मिलिलिटर रक्त. "दोन मिलि पुरे" म्हणणारा रुग्ण आणि घाईत ते ऐकणारी मी, दोघांनी मिळून किती कल्चरं वाया घालवली असतील याची मला आजही रुखरुख आहे.

ताईला हे सगळं फोनवर सांगितलं. दुसऱ्या दिवशी ती डॉक्टरांकडे गेली, त्यांनी गोळ्या बंद केल्या. संध्याकाळी तिने विचारलं, "मग पुढच्या महिन्यात विडाल परत करू ना?" नको म्हटलं. ताप परत आला तर मात्र कुठलीही गोळी घ्यायच्या आधी कल्चरला रक्त दे, आणि मला त्याच दिवशी फोन कर.