ग्रिल्ड मटण-द्राक्ष सॅलडला मिळालेल्या दोन स्टारच्या रिव्ह्यूला आमचं उत्तर

नमस्कार मॅडम,

तुम्ही सविस्तर लिहिलंत, म्हणून उत्तरही सविस्तर देतो. तुमच्या तक्रारी थोडक्यात अशा: पार्सल चार डब्यांत सुटं आलं, मटणाचा तुकडा कापूनसुद्धा दिला नव्हता, तो आतून गुलाबी होता, मेनूत १५० ग्रॅम असताना घरच्या काट्यावर ११२ भरला, द्राक्षं आंबट निघाली आणि अननस नव्हताच. तुम्ही सगळं एकत्र करून फ्रिजमध्ये ठेवलंत, पाहुणे तासाभराने आले, मायक्रोवेव्हला जरा गरम केलंत, तर तळाशी पाणी आणि मटण चिवट. बँकॉकला खाल्लेलं बीफचं सॅलड मात्र मऊ होतं.

आधी पाण्याचं बघू, कारण बाकीचं बरंचसं त्यातच अडकलंय. ड्रेसिंगमध्ये फिश सॉस (मासे मिठात आंबवून केलेला पातळ सॉस) आहे, म्हणजे भरपूर मीठ आहे. शिवाय गूळ आहे. मीठ आणि साखर कापलेल्या काकडीला, कांद्याला, द्राक्षाला लागली की आतलं पाणी बाहेर ओढतात. दहा मिनिटांत बोलच्या कडेला रस दिसायला लागतो, तासाभरात तळं होतं. त्यात लिंबाने पुदिना काळवंडतो आणि लेट्यूस बसतं. हे कुठल्याही हॉटेलच्या सॅलडचं होईल, घरच्या कोशिंबिरीचंही होतंच. म्हणून डबे सुटे. झाकणावरच्या चिठ्ठीत लिहिलेलं असतं: खायला बसताना मिसळा. इथे टेबलावर देतानाही ड्रेसिंग शेवटच्या मिनिटाला पडतं.

पाणी कमी करायचे बाकीचे उपाय आधीच केलेले असतात. काकडी उभी चिरून बिया चमच्याने काढतो, कारण सगळ्यात जास्त पाणी त्या गरात असतं. पानं धुऊन अगदी कोरडी करतो. ओल्या पानाला ड्रेसिंग चिकटत नाही, सरळ खाली उतरतं. कांदा पातळ चिरून दहा मिनिटं गार पाण्यात ठेवतो आणि निथळून पुसून घेतो. सध्या बाजारात लाल कांदा आहे, तो उन्हाळ कांद्यापेक्षा जास्त पाणीदार, म्हणून पुसायचं काम जरा जास्त. (नाशिककरांना कांद्याबद्दल सांगणं म्हणजे धाडसच, पण सॅलडमध्ये हा फरक खरंच जाणवतो.) द्राक्षं उभी अर्धी कापून चाळणीत पाच मिनिटं ठेवतो. त्यांना मीठ लावत नाही.

आता मटण. तुकडा अख्खा दिला, कारण कापल्याक्षणी रस निघायला लागतो आणि मांस गार होतं. सोबतच्या चिठ्ठीवर कापायचं चित्र आहे, तरी इथे लिहितो. तुकडा उजेडात धरा, मांसात एकाच दिशेने गेलेल्या बारीक रेषा दिसतील. त्या रेषांना आडवी सुरी चालवायची, सुरी थोडी तिरकी धरून, ४ ते ५ मिलिमीटर जाडीचे काप. असं कापलं की प्रत्येक कापातला धागा तेवढाच आखूड राहतो आणि दातांना तोडायला काही उरत नाही. रेषांच्या दिशेने उभं कापलं, तर धागा कापाइतका लांब राहतो आणि तेच मटण चिवट लागतं. भाजणं कितीही नेमकं असलं तरी इथे चुकलं की भरून निघत नाही.

बँकॉकची तुलना रास्त आहे, पण जनावर वेगळं आहे. थायलंडमध्ये हे सॅलड बीफच्या मऊ भागाचं करतात. महाराष्ट्रात गोवंश हत्याबंदी कायदा मार्च २०१५ पासून लागू आहे, गाय, बैल, वळू सगळेच त्यात येतात. आम्ही बोकडाचं मटण वापरतो आणि मेनूत तसंच लिहिलंय. बोकडाच्या मांसात चरबीची जाळी फारशी नसते आणि धागे चिवट असतात, म्हणून झटपट भाजायला खांदा किंवा नळीचा भाग चालत नाही. ते भाग रश्शात तासभर शिजवायचे. सॅलडला पाठीच्या कण्यालगतची लांब पट्टी किंवा मांडीचा आतला तुकडा घेतो. वरचा पांढरा पडदा पूर्ण सोलतो. तो भाजताना विरघळत नाही, आकसतो आणि तुकडा वाकडा करतो, मग एक बाजू करपते आणि दुसरी कच्ची राहते. बाहेरची चरबीही काढतो, कारण बोकडाची चरबी गार झाली की थिजून टाळ्याला चिकटते.

१५० ग्रॅमला पाव चमचा कच्च्या पपईची पेस्ट, आलं, मिरपूड, थोडं तेल, आणि हे फक्त २० ते २५ मिनिटं. घरी करणारे बरेच जण पपई रात्रभर लावून ठेवतात. तसं केलं की वरचा थर पिठासारखा होतो आणि आतलं होतं तसंच राहतं. पपईचा चीक साधारण ६० ते ७० अंशांना सगळ्यात जोरात काम करतो, म्हणजे शेगडीवरसुद्धा त्याचं काम चालूच असतं. ते हिशेबात धरावं लागतं. मीठ एकतर भाजण्याच्या चाळीस मिनिटं आधी लावायचं, नाहीतर थेट शेगडीवर ठेवताना. मधल्या वेळात लावलं तर पृष्ठभागावर पाणी सुटलेलं असतं, तुकडा भाजण्याऐवजी वाफाळतो आणि रंग येत नाही.

कोळशावर पांढरी राख धरली की तुकडा ठेवतो. अडीच सेंटिमीटर जाडीला एका बाजूला साधारण चार मिनिटं, पण आमचा भरवसा घड्याळावर नसून थर्मामीटरवर आहे. मध्यभागी ६३ अंश झाले की उतरवतो, बाहेर ठेवल्यावर ते आणखी थोडं चढतं. मग आठ मिनिटं हात लावत नाही.

गुलाबी रंगाचं उत्तर यातच आहे. तुकडा कच्चा नव्हता. अमेरिकेच्या कृषी खात्याच्या निकषाप्रमाणे बोकडाच्या किंवा मेंढीच्या अख्ख्या तुकड्याला ६३ अंश आणि वर ३ मिनिटं थांबणं पुरेसं आहे (खिम्याला ७१ लागतात, कारण वरचे जंतू दळताना आतपर्यंत जातात). एवढ्या तापमानाला मांस गुलाबीच दिसतं. ताटलीत आलेलं लाल पाणी रक्त नाही. स्नायूत मायोग्लोबिन नावाचं प्रथिन असतं, त्याचा तो रंग. आपल्याकडे मटण म्हणजे पूर्ण शिजलेलं, त्यामुळे तुम्हाला खटकलं यात नवल नाही.

मायक्रोवेव्हने मात्र घात केला. ६३ अंशांवर थांबवलेलं मांस पुन्हा ८० च्या पुढे गेलं की धागे आवळतात, राहिलेलं पाणी पिळून बाहेर येतं आणि रबर होतं. त्यात तासभर लिंबात भिजलेला वरचा थर आधीच घट्ट झालेला. पाहुण्यांना उशीर होणार असेल तर मटण अख्खंच ठेवा, बटर पेपरात सैल गुंडाळून. फॉइलमध्ये घट्ट बांधलं की वाफेने वरची खरपूस बाजू मऊ पडते. खोलीत दोन तासांपेक्षा जास्त नको, आणि एप्रिल-मेच्या उन्हाळ्यात तासाभरापेक्षाही जास्त नको. त्याहून उशीर असेल तर फ्रिजमध्ये ठेवा, खाण्याआधी पंधरा मिनिटं बाहेर काढा आणि नेहमीपेक्षा पातळ कापा. गरम करू नका. हे सॅलड गरम खायचं नसतं. अगदी गरम काप पानांवर टाकले तर पानं तिथेच मलूल होतात.

अननसाचं. ताज्या अननसात मांस मऊ करणारा घटक पपईसारखाच असतो. तो सॅलडमध्ये मटणाला टेकून राहिला तर वीस-पंचवीस मिनिटांत कापांच्या कडा भुसभुशीत होतात. शिजवलेल्या किंवा डब्यातल्या अननसाने तसं होत नाही, पण तो इतका गोड आणि लुळा असतो की सॅलडचं फ्रूट कस्टर्ड होतं. म्हणून हंगामात द्राक्षं आणि भगवा जातीच्या डाळिंबाचे दाणे. पावसाळ्यात द्राक्षाऐवजी घट्ट पेरू.

द्राक्षं आंबट होती हे खरं, ती मुद्दाम तशी घेतो. दिंडोरी, निफाडकडची थॉम्पसन जातीची, पूर्ण पिकायच्या जरा आधीची, कडक आणि आंबटगोड. सोनाका जातीचा किंवा वेलीवर जास्त राहिलेला गोड माल नुसता खायला उत्तम, पण गुळाच्या ड्रेसिंगमध्ये तो चटणीच्या अंगाने जातो. यावर दुमत असू शकतं. गोड हवी असतील तर ऑर्डरमध्ये लिहा, बदलून देऊ.

वजनाचं सांगतो. १५० ग्रॅम हे कच्च्या, साफ केलेल्या मटणाचं वजन आहे. भाजताना साधारण पाव भाग पाणी आणि चरबी जाते, म्हणजे ११२ बरोबर आहे. मेनूत ‘कच्चं वजन’ असं छापलेलं आहे, पण अक्षर बारीक आहे. पुढच्या छपाईत मोठं करतोय.

पाहुण्यांसाठी घरीच करायचं झालं तर ड्रेसिंग असं: २० मिली लिंबाचा रस, १० मिली फिश सॉस, ८ ग्रॅम गूळ चमचाभर कोमट पाण्यात विरघळवून, एक हिरवी मिरची, अर्धी पाकळी लसूण. वेगळं मीठ नको. वरून एक चमचा भाजलेल्या तांदळाची पूड. ही पद्धत थायलंडच्या इसान भागातली, तिथे चिकट तांदूळ वापरतात. आम्ही इगतपुरीचा इंद्रायणी घेतो, मंद आचेवर दहा-बारा मिनिटं बदामी होईपर्यंत भाजतो आणि रव्याइतका जाड दळतो. मोठ्या आचेवर दाणा बाहेरून करपतो आणि आतून कच्चा राहून दाताखाली खडा लागतो. तुमच्या पार्सलमध्ये ही पूड कागदी पुडीत होती. रिव्ह्यूत तिचा उल्लेख नाही, बहुधा पिशवीतच राहिली असावी.

पुढच्या वेळी गुलाबी नको असेल तर सूचनेत ‘पूर्ण शिजलेलं’ लिहा. घरात गरोदर बाई, लहान मुलं किंवा वयस्कर मंडळी खाणार असतील तर आम्हीही तेच सुचवू. अशा वेळी अख्खा तुकडा न भाजता आधीच आडवे पातळ काप करून कडक शेगडीवर मिनिट-दीड मिनिट भाजतो. गुलाबी राहत नाही आणि चिवटही होत नाही. काप पातळ असल्यामुळे ते लवकर गार होतात, तेव्हा ते पार्सल आल्या आल्या खायचं.