'ज्याच्या हातात चावी, त्याचं चर्च' हे खरं नाही

विदर्भातल्या गावोगावच्या मंडळ्यांमध्ये फूट पडली की एकच सल्ला मोबाइलवर फिरू लागतो: "चर्च ही धार्मिक बाब आहे, कोर्ट त्यात पडत नाही. बहुमत आणि चावी ज्या गटाकडे, चर्च त्याचं. ठराव करा, सातबाऱ्यावर नावं चढवा, विषय संपला." हा सल्ला मानणारी मंडळी पुढे वर्षानुवर्षं तारखा मोजते, म्हणून एकेक मुद्दा घेऊ.

कोर्ट धर्मात पडत नाही, हे अर्धंच खरं आहे. बाप्तिस्मा शिंपडून द्यायचा की बुडवून, यावर न्यायाधीश निकाल देणार नाही. पण दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम ९ सांगतं की मालमत्तेचा किंवा पदाचा हक्क वादात असेल तर दावा दिवाणीच, मग तो हक्क धर्मविधीच्या प्रश्नावर अवलंबून का असेना. केरळच्या मलंकरा चर्चच्या वादात सर्वोच्च न्यायालयाने १९९५ मध्ये याच कलमाच्या आधारे दावा चालू शकतो असं ठरवलं.

बहुमताचं काय? त्याच मलंकरा वादात २०१७ चा निकाल स्पष्ट आहे: सभासद चर्च सोडून जाऊ शकतो, पण बहुमताच्या जोरावर चर्च आणि त्याची मालमत्ता सोबत नेता येत नाही. आपल्या जवळचं उदाहरण चर्च ऑफ नॉर्थ इंडियाचं. २९ नोव्हेंबर १९७० ला नागपुरात सहा चर्च एकत्र येऊन ते स्थापन झालं. त्यात विलीन झालो असा ठराव गुजरातेतल्या ब्रदरन चर्चच्या नावे झाला होता आणि वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. २००५ मध्ये न्यायालय म्हणालं, सार्वजनिक न्यास (ट्रस्ट) कायद्याखाली येणारा हा प्रश्न दिवाणी कोर्टाने ठरवायचा नाही. २०१३ मध्ये ठरलं, नुसत्या ठरावाने विलीनीकरण होत नाही, कायद्याची रीत पाळावी लागते. तोच कायदा आपल्याकडे महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियम, १९५० म्हणून लागू आहे. त्यामुळे नोंदणी झालेल्या चर्चमध्ये 'खरे विश्वस्त कोण' हा वाद घेऊन थेट दिवाणी कोर्टात गेलात, तर कलम ८० आडवं येतं.

खरी लढाई सहायक धर्मादाय आयुक्तांकडे, कलम २२ च्या चेंज रिपोर्टवर, म्हणजे विश्वस्त बदलल्याच्या नोंदीसाठीच्या अर्जावर होते. बदल झाल्यापासून ९० दिवसांत तो द्यायचा. उशीर झाला तर माफीचा अर्ज कारणासह जोडायचा. दोन्ही गट आपापला रिपोर्ट देतात, आणि तिथे कोणाची डोकी जास्त हे मोजण्याआधी सभा कायदेशीर होती का हे पाहिलं जातं. सभा बोलावणाऱ्याला चर्चच्या घटनेनुसार, म्हणजे नियमावलीनुसार, तसा अधिकार होता का? सूचना ठरलेल्या दिवसांआधी निघाली का, विषयपत्रिकेत निवडणूक होती का, गणपूर्ती होती का? आमच्या मते बहुतेक रिपोर्ट सूचनेवरच पडतात. रविवारी उपासनेनंतर पाळकाने तोंडी घोषणा केली, आणि पुण्या-नागपूरला कामाला गेलेल्या सभासदांना कळलंच नाही. घटनेत लेखी सूचना असेल तर हातोहात दिल्याची सही किंवा पोस्टाची पोचपावती हवीच. दुसरी खोट सभासद यादीची असते: बाप्तिस्मा झालेले सगळे, प्रभुभोजन घेणारे, की वर्गणी भरणारे? घटना वाचल्याशिवाय यादी करू नका. निर्णय विरोधात गेला तर कलम ७० खाली ६० दिवसांत अपील आहे. शेड्यूल वनवरचे, म्हणजे न्यासाच्या सरकारी नोंदीतले सगळेच विश्वस्त वारले असतील आणि सभा बोलवायला कोणी उरलं नसेल, तर स्वतःच कमिटी बनवू नका. कलम ४७ खाली विश्वस्त नेमण्याचा अर्ज करा.

सातबाऱ्याचं थोडक्यात. फेरफार महसुलासाठी असतो, त्याने मालकी ठरत नाही. न्यासाची जमीन विकायला, किंवा शेती १० आणि इमारत ३ वर्षांपेक्षा जास्त मुदतीने भाड्याने द्यायला कलम ३६ ची पूर्वपरवानगी लागते. तिच्याविना केलेला व्यवहार वैध नाही, खरेदीखत नोंदवलेलं असलं तरीही.

आता चावी. कुलुपावरून शांतताभंगाची भीती असेल, तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १६४ खाली कार्यकारी दंडाधिकारी फक्त प्रत्यक्ष ताबा कोणाचा होता ते पाहतो. पोलिसांचा अहवाल किंवा अशी माहिती त्याच्याकडे पोचण्याआधी दोन महिन्यांत कोणाला जबरदस्तीने बाहेर काढलं असेल, तर ताबा त्याचाच धरता येतो. म्हणून कुलूप बदललं त्याच दिवशी लेखी तक्रार द्या आणि पोच घ्या. पहिल्याच अर्जात आत अडकलेल्या बाप्तिस्मा व लग्नाच्या नोंदवह्या आणि इतिवृत्ताच्या वहीची यादी करून त्यांच्या पंचनाम्याची मागणी करा, कारण सभासद कोण हे पुढे त्याच वह्यांवरून ठरणार असतं.