गुडघ्यातली कळ

आज एका प्रदर्शनातून डोकं तापवून घेऊनच घरी आलेय. लिहिल्याशिवाय झोप लागायची नाही.

एक चित्रकार बाई. भिंतींवर तिनं काढलेली स्वतःच्याच शरीराची मोठमोठी चित्रं, खाली स्वतःच्या अंगावरून घेतलेले प्लास्टरचे साचे, आणि मधोमध ती स्वतः, अंगभर ओली माती लिंपून उभी. तीन तास. माती वाळत जाते, श्वास घेतला की बरगड्यांवर तडे जातात, मधूनच एखादा पोपडा सुटून पडतो. माझ्या मागे दोघं खुसखुसत होते. "हे काय, कुणीही करेल!" त्यातल्या एकानं मोबाइल काढून तिच्या छातीवर झूम केलं.

कुणीही करेल? अरे, वीस मिनिटं न हलता उभा राहून दाखव आधी!

आमच्या लाइफ क्लासला, म्हणजे समोरच्या माणसावरून चित्र काढायच्या वर्गाला, एक मावशी मॉडेल म्हणून यायच्या. पन्नाशीच्या. सगळं वजन एका पायावर, अशी पोझ. आम्हाला शिकवलेलं की मानेखालच्या खळगीतून ओळंबा सोडला तर तो वजन पेललेल्या पायाच्या घोट्याशी यायला हवा. मी ओळंबा धरून अगदी चोख काढलं. पोझ सुटली तर मावशींना पाय टेकवेना, मुंग्या आलेल्या. स्टुलाचा आधार घेत माझ्या बोर्डापाशी आल्या. म्हणाल्या, "गुडघा खोटा काढलास गं. इथं कळ येते, ती कुठंय?"

काय उत्तर देणार होते मी?

शिल्पकार रोदाँनं १८७७ मध्ये 'एज ऑफ ब्राँझ' हे नग्न पुरुषाचं शिल्प मांडलं, तेव्हा लोक म्हणाले, यानं जिवंत माणसावरूनच साचा घेतलाय. इतकं हुबेहूब घडवलं म्हणून संशय! आज ही चित्रकार बाई उघड उघड स्वतःच्या अंगाचा साचा घेते, तर म्हणे यात कसब काय? प्लास्टर घट्ट होताना तापतं, काढताना लव ओढली जाते, तोवर श्वासही जपून घ्यायचा. कळ कुठं येते ते तिला कुणाला विचारावं लागत नाही.

हो, परफॉर्मन्सच्या, म्हणजे स्वतःचं शरीरच कला म्हणून मांडण्याच्या नावाखाली पाट्या टाकणारेही आहेत. असतील. आणि चित्रकार इव्ह क्लाइननं १९६० मध्ये पॅरिसला स्वतः सुटाबुटात राहून नग्न मॉडेल्सना निळा रंग लावून कागदावर अंग उमटवायला लावलं, त्यांना 'जिवंत ब्रश' म्हटलं, ते मला आजही खटकतं. मावशींना कुणी ब्रश म्हणालं असतं तर? पण इथं अंग तिचं आणि निर्णयही तिचाच. एवढा फरक दिसू नये?

परफॉर्मन्स करणारी कलाकार मारिना अब्रामोविच १९७४ मध्ये नेपल्सला सहा तास अशीच उभी राहिली होती. टेबलावर ७२ वस्तू, त्यांत गुलाब होता नि पिस्तूलही. माझ्यावर काहीही वापरा, अशी मुभा. लोकांनी तिचे कपडे कापले, गळ्यापाशी कापलं, एकानं तर पिस्तूलही तिच्यावर रोखलं. तो मोबाइल पाहून आज पोटात तसंच कालवलं.

लिहिता लिहिता राग जरा उतरलाय. त्या मुलांना कुणी मावशी भेटल्या नसतील. मीसुद्धा त्या दिवसापर्यंत नुसता ओळंबाच बघत होते ना.

मी शेवटपर्यंत थांबले. ती हलली तेव्हा हात पुढे केला. विचारलं, कळ कुठं येतेय? तिनं उजव्या टाचेकडे बोट दाखवलं. तिथली माती अजून ओलीच होती.