हसणारा बाहुला आणि न हसणारी माणसे

ब्रिटिश दिग्दर्शक लिंडसे अँडरसन यांचा ‘ओ ड्रीमलँड’ हा जेमतेम बारा मिनिटांचा कृष्णधवल लघुपट १९५३ साली इंग्लंडमधील मार्गेट या समुद्रकाठच्या गावी, ड्रीमलँड नावाच्या मनोरंजन उद्यानात चित्रित झाला. त्याच गावातील कर्णबधिर मुलांच्या शाळेवर ते माहितीपट करत होते. तेव्हाच छायाचित्रकार जॉन फ्लेचर यांच्यासोबत १६ मिमीचा कॅमेरा घेऊन त्यांनी हेही काम उरकले. त्यात निवेदन नाही, मुलाखत नाही, कथाही नाही. त्यामुळे त्याला ‘निरीक्षण’ म्हटले जाते, आणि तेच मला पटत नाही.

या लघुपटाचा निवाडा ध्वनिपट्टीवर होतो. काचेच्या पेटीतील यांत्रिक खलाशी खदाखदा हसतो आणि दृश्य बदलले तरी त्याचे हसू थांबत नाही. खेळ खेळणाऱ्यांवर, खाणाऱ्यांवर, पिंजऱ्यातील प्राण्यांकडे पाहणाऱ्यांवर ते येऊन आदळत राहते. कोणाच्या चेहऱ्यावर ते हसू सोडायचे, हे उद्यानात नव्हे, संकलनाच्या टेबलावर ठरले आहे. सोव्हिएत संघासाठी हेरगिरी केल्याच्या आरोपावरून रोझेनबर्ग दांपत्याला अमेरिकेत १९५३च्या जूनमध्ये विजेच्या खुर्चीवर मृत्युदंड दिला गेला, आणि त्याचा देखावा येथे करमणूक म्हणून मांडलेला आहे. लोक मुलाबाळांसह तो पाहून पुढे सरकतात. येथे अँडरसन यांचा संताप रास्तच आहे.

परंतु तो संताप नेमका कोणावर निघतो? लघुपट सुरू होतो तो बेंटली गाडी पुसणाऱ्या चालकापासून. म्हणजे पैसा कोठे आहे, हे दिग्दर्शकाला पक्के ठाऊक आहे. तरीही पुढे गाडीचा मालक दिसत नाही, उद्यानाचाही नाही. हशाचा सगळा मारा सहन करतात ते खिशातली नाणी मोजून आलेले लोक. आवाज बंद करून हीच दृश्ये पाहिली, तर त्यांतील माणसे मला मूर्ख नव्हे, थकलेली दिसतात, आणि सुट्टीचा दिवस वाया जाऊ नये म्हणून नेटाने मजा करू पाहणारी.

असे असूनही, फेब्रुवारी १९५६ मध्ये लंडनच्या नॅशनल फिल्म थिएटरमध्ये झालेल्या ‘फ्री सिनेमा’ या माहितीपट-चळवळीच्या पहिल्या कार्यक्रमातील लघुपटांत मला हाच अधिक महत्त्वाचा वाटतो. कारेल राइझ आणि टोनी रिचर्डसन यांचा जॅझ क्लबवरील ‘मम्मा डोन्ट अलाउ’ आपल्या माणसांवर मनापासून माया करतो, आणि म्हणूनच त्याच्याशी भांडण्याची वेळ माझ्यावर कधी येत नाही.