पोलिसांकडे कॅमेरे आहेत, मग तुमचा कशाला?

‘अमेरिकेत पोलिसांच्या अंगावरच कॅमेरे असतात. मोर्चात मोबाइल उंचावणारे फक्त अर्धवट क्लिप पसरवून आग लावतात, आणि शेवटी आंदोलकांनाच गोत्यात आणतात.’ हा मजकूर अजून फिरतोय.

आधी पोलिसांच्या कॅमेऱ्याचं. 25 मे 2020 ला मिनियापोलिसमध्ये जॉर्ज फ्लॉइड यांना पकडलं, तेव्हा पोलिसांच्या अंगावर कॅमेरे होतेच. फ्लॉइड यांच्या मानेवर गुडघा दाबून त्यांचा जीव घेणाऱ्या डेरेक शोव्हिन या पोलिसाचा झटापटीत गळून पडला, बाकीच्यांचे चालू होते. तरी पोलिसांच्या पहिल्या निवेदनात काय, तर बेड्या घातल्यावर संशयिताची तब्येत बिघडलेली दिसली! मानेवरच्या गुडघ्याचा उल्लेखच नाही. तो जगाला दिसला 17 वर्षांच्या एका मुलीच्या मोबाइलमुळे. दुसऱ्याच दिवशी चौघे पोलीस बडतर्फ झाले. पोलिसांच्या कॅमेऱ्यांतलं चित्रण लोकांसमोर यायला ऑगस्ट उजाडला. कॅमेरा कुणाचा, यापेक्षा चित्रण कुणाच्या ताब्यात, हा खरा प्रश्न आहे.

फ्लॉइड यांच्यासाठी निघालेल्या मोर्चांतही तेच. 4 जूनला बफेलोमध्ये पोलिसांनी ढकलल्यावर 75 वर्षांचे एक आंदोलक मागे कोसळले, डोकं आपटून रक्त वाहू लागलं. पोलीस म्हणाले, अडखळून पडले. स्थानिक रेडिओ केंद्राचा व्हिडिओ आला आणि दोन पोलीस निलंबित झाले. (पुढे ग्रँड ज्युरीने, म्हणजे खटला चालवायचा की नाही हे ठरवणाऱ्या नागरिकांच्या मंडळाने, त्यांच्यावर आरोप ठेवायला नकार दिला. व्हिडिओ असला की शिक्षा होतेच, असं माझं म्हणणं नाही.)

‘अर्धवट क्लिप’ हा आक्षेप मात्र मला बिनबुडाचा वाटत नाही. 1991 मध्ये लॉस एंजेलिसला रॉडनी किंग या कृष्णवर्णीय वाहनचालकाला पोलिसांनी केलेली मारहाण एका रहिवाशाने बाल्कनीतून टिपली. किंग पोलिसाच्या दिशेने झेपावतात ते सुरुवातीचे काही सेकंद अनेक वाहिन्यांनी कापले. बचावपक्षाने कोर्टात टेप फ्रेम-फ्रेम थांबवून दाखवली. 1992 मध्ये आरोपी असलेल्या चारही पोलिसांना शिक्षा न होता सुटता आलं आणि शहर पेटलं. पण 1993 मध्ये फेडरल (केंद्रीय) कोर्टात दोघे दोषी ठरले, तेव्हाही तीच टेप पुरावा होती. काटछाट वाहिन्यांची, तिचा दोष चित्रण करणाऱ्याच्या माथी का?

आंदोलक गोत्यात येतात, हे खरंच. 2020 मध्ये न्यूयॉर्क पोलिसांनी एका कार्यकर्त्याच्या शोधात चेहरा ओळखणारं तंत्रज्ञान वापरलं होतं. म्हणून क्लिप टाकताना आंदोलकांचे चेहरे धूसर करावेत. सिग्नल या मेसेजिंग ॲपने जून 2020 मध्येच तशी सोय दिली. मूळ फाइल मात्र जशीच्या तशी जपावी, कोर्टात तीच लागते.