लॅरियनला लॉटरी लागली म्हणणाऱ्यांसाठी

परवा संध्याकाळी रंकाळ्यावर बसलो होतो, कॉम्प्युटर गेमचा विषय निघाला आणि एक मित्र सहज बोलून गेला की बाल्डर्स गेट ३ हा गेम म्हणजे तो करणाऱ्या लॅरियन कंपनीला लागलेली लॉटरी, डंजन्स अँड ड्रॅगन्स या टेबलावर फासे टाकून खेळायच्या प्रसिद्ध खेळाचं नाव मिळालं, गेम चालला, संपलं. मी तिथंच वाद घातला पण असल्या वादात पन्नास गोष्टी सांगायच्या राहतात आणि घरी आल्यावर आठवतात, रात्रभर डोक्यात तेच चाललं होतं म्हणून इथं सगळं एकदाच लिहून काढतोय. लांब झालंय, निवांत वाचा.

आधी उद्यमनगरचं सांगतो, कारण त्याच्याशिवाय माझं म्हणणं कळणार नाही. आमच्या अण्णांचं शिवाजी उद्यमनगरात छोटं वर्कशॉप होतं, दोन लेथ, एक ड्रिल, तीन माणसं. सगळं जॉबवर्क. जॉबवर्क म्हणजे काय, तर ड्रॉइंग पार्टीचं, मटेरियल पार्टीचं, तारीख पार्टीची, आपलं फक्त मशीन आणि हात. माल कितीही देखणा उतरला तरी त्याच्यावर नाव दुसऱ्याचंच लागणार आणि बिल नव्वद दिवसांनी निघालं तरी नशीब. मी नववीत असताना एका मोठ्या पार्टीचे बुश करायला आले होते. शेवटच्या दिवशी अण्णांनी मायक्रोमीटर लावला तर बोअर, म्हणजे आतलं भोक, दोन रेघा जास्त. त्यांनी दुसरा उचलला, तिसरा उचलला, पुसून पुसून बघितलं, सगळे तसेच, टूल झिजलं होतं. अण्णा म्हणाले दोन दिवस द्या, परत करतो. पार्टीचा माणूस टेम्पो घेऊन दारात उभा होता, म्हणाला चालतंय हो, भरा गाडीत, तारीख चुकली तर मला बोलणी बसतील. भरला. पंधरा दिवसांनी सगळा लॉट रिजेक्ट होऊन परत आला आणि पैसे आमच्या बिलातनं कापले. अण्णा त्या रात्री जेवले नाहीत. नुकसान झालं म्हणून नाही, आपल्या हातनं चुकीचा माल गेला, आणि तो चुकीचा आहे हे माहीत असताना गेला, म्हणून.

लॅरियनच्या पहिल्या पंधरा वर्षांत मला हेच दिसतं.

१९९६ मध्ये बेल्जियममध्ये स्वेन विंके नावाच्या गड्यानं ही कंपनी काढली. त्याला अल्टिमा ७ सारखा गेम करायचा होता, म्हणजे जिथं टेबलावरचा पाव उचलता येतो, पेटी सरकवता येते, जग नुसतं बघायला नसतंय, हात लावायला असतंय. पण सुरुवातीला असल्या स्वप्नाला पैसे कोण देणार. १९९७ ला त्यांचा एल.ई.डी. वॉर्स आला, तो तर रोलप्लेइंग, म्हणजे एक पात्र घेऊन त्याची गोष्ट जगायचा गेम, पण नव्हता, स्ट्रॅटेजी होता. मग अ‍ॅटिक नावाच्या जर्मन कंपनीबरोबर एक मोठा रोलप्लेइंग गेम करायला घेतला, द लेडी, द मेज अँड द नाइट. जोडीदार कंपनीच पैशाच्या अडचणीत आली आणि तो प्रोजेक्ट कायमचा बंद पडला. एवढ्यात दुसरा कोणी दुकान गुंडाळून नोकरी धरला असता.

२००२ ला डिव्हाइन डिव्हिनिटी आला. हे नाव कुणालाही विचित्र वाटतं, मला पण वाटायचं, नंतर कळलं की लॅरियननं त्याचं नाव स्वोर्ड ऑफ लाइज ठेवलं होतं आणि प्रकाशक, म्हणजे गेम बाजारात आणून विकणारी कंपनी, सीडीव्हीनं हे एकाच अक्षराचं जोडनाव लादलं. बघा, स्वतःच्या पोराचं बारसं सुद्धा पार्टीनं केलं. मी हा गेम राजारामपुरीत मामाच्या घरी, मामेभावाच्या कॉम्प्युटरवर खेळलो, दिवाळीच्या सुट्टीत. वरनं बघितला तर डायब्लोसारखा दिसतो, टिचक्या मारत राहायचं. पण अ‍ॅलेरोथ नावाच्या वैद्यांच्या गावात सुरुवात होते आणि तिथं मी उगाच एक गवताचा भारा माउसनं धरून ओढला तर तो सरकला. मग पिंप सरकलं. मग कळलं की अशा वस्तू सरकवल्या की खाली काहीबाही लपवलेलं सापडतं. मामी जेवायला हाका मारतीय आणि मी आपला सगळ्या गावातलं सामान सरकवत बसलोय. तोपर्यंत गेममधलं सामान म्हणजे मागचा पडदा असतो एवढंच मला माहीत होतं.

गेमचं कौतुक झालं, पण पैसे मात्र लॅरियनच्या हातात फारसे आले नाहीत, कंपनीतली बरीचशी माणसं कमी करावी लागली. २००४ ला बियाँड डिव्हिनिटी आला, त्यात तुमचा नायक आणि एक डेथ नाइट, म्हणजे उभा शत्रू, दोघांचा आत्मा एकमेकाला बांधलेला असतो, एक मेला की दुसरा पण मेला. कल्पना काय जबरदस्त आहे बघा, पण गेम घाईत झालाय हे पावलोपावली जाणवतं. आणि पोटासाठी त्याच काळात हे लोक बेल्जियमच्या सरकारी वाहिनीच्या लहान मुलांच्या चॅनेलसाठी केटनेट किक नावाचा गेम करत होते, पुढं बीबीसीसाठी पण मुलांचा एक गेम केला. मला यात काही कमीपणा वाटत नाही. उलट त्यांच्याबद्दल माझा आदर इथंच वाढतो. अण्णांनी पण पंपाचे पार्ट केले, उसाच्या चरकाचे केले, पाळण्याच्या कड्या केल्या, जे येईल ते केलं, लेथ बंद पडू दिला नाही.

मग २००९ चा डिव्हिनिटी टू, एगो ड्रॅकोनिस. माझ्या मते लॅरियनच्या इतिहासातला सगळ्यात शिकण्यासारखा गेम हाच आहे, आणि याच्याबद्दल सगळ्यात कमी बोललं जातं. समोरच्या माणसाचं मन वाचायची सोय होती, पण फुकट नाही, मिळवलेला अनुभव खर्च करून वाचायचं. एका टप्प्यानंतर तुम्ही स्वतः ड्रॅगन होऊन उडता. एवढं सगळं असून गेम बाहेर आला तो अर्धाकच्चा, शेवट तर असा तोडल्यासारखा की खेळणारा चिडतोच. पुढच्या वर्षी फ्लेम्स ऑफ व्हेन्जन्स काढून गोष्ट पुढं नेली, आणि २०१२ ला परत एकदा सगळं घासूनपुसून डेव्हलपर्स कट काढला. तीन वर्षं एकाच गेमवर परत परत हात फिरवत होते. हे बघितलं की मला तो रिजेक्ट होऊन आलेला लॉट आठवतो, अण्णा एकेक बुश हातात घेऊन बघत होते.

इथनं पुढं विंकेनं ठरवलं की आता प्रकाशकाच्या दारात जायचं नाही. माझ्या दृष्टीनं लॅरियनचा खरा वाढदिवस हाच. दोन गेम एकदम अंगावर घेतले. ड्रॅगन कमांडर २०१३ ला आला, त्याच्याबद्दल फार बोलण्यासारखं काही नाही, लढायांपेक्षा त्यातले राजवाड्यातले संवाद चांगले होते. खरी बाजी लागली ती ओरिजिनल सिनवर. त्या काळात टर्न-बेस्ड, म्हणजे बुद्धिबळासारखा आळीपाळीनं डाव, असलं काही म्हटलं की मोठे प्रकाशक तोंड फिरवायचे. लॅरियननं सरळ खेळणाऱ्यांसमोर झोळी धरली, किकस्टार्टर या लोकवर्गणीच्या साइटवर ४ लाख डॉलर मागितले आणि साडेनऊ लाखांच्या आसपास जमले. तेवढ्यात पण गेम पूर्ण होणार नव्हता, स्वतःचं होतं नव्हतं ते घातलं. अर्धा झालेला गेम लोकांना खेळायला दिला, चुका ऐकल्या, तारीख पुढं ढकलली, आणि ३० जून २०१४ ला गेम बाहेर काढला. तारीख पुढं ढकलली हे मी मुद्दाम लिहितोय. बारा वर्षांत पहिल्यांदा हे त्यांच्या हातात होतं.

हा गेम मी आणि धाकट्यानं मिळून खेळला, पुढच्या वर्षी आलेली एनहान्स्ड एडिशन, एकच टीव्ही, दोन कंट्रोलर, स्क्रीन मधनं दुभागलेली. सुरुवातीलाच समुद्रकाठावर एक शिंपला सापडतो. बोलणारा शिंपला. म्हणतो मला परत समुद्रात टाका हो. धाकटा म्हणतोय विकूया, पैसे येतील. मी म्हणतोय टाक पाण्यात. आता बाकीच्या गेममध्ये ज्याच्या हातात कंट्रोलर त्याचंच खरं, पण इथं दोन्ही पात्रं एकमेकाशी खरोखर भांडतात आणि निकाल लागतो तो दगड-कागद-कात्रीवर. आम्ही दोघं ३० पार केलेले भाऊ, रात्री साडेअकराला, आई आत झोपलीय, आणि एका शिंपल्यासाठी दगड-कागद-कात्री खेळतोय. मी जिंकलो, शिंपला पाण्यात गेला. त्याच्या आदल्या महिन्यात वाटणीवरनं आमच्या दोघांत बरंच वाजलं होतं, बोलणं जवळजवळ बंद होतं. त्या रात्रीपासनं परत सुरळीत झालं. एवढ्या एका कारणासाठी मी या कंपनीला जन्मभर मानेन.

२०१५ ला दुसऱ्या भागासाठी परत किकस्टार्टर. मागितले ५ लाख, पहिल्या दिवसातच भरले, शेवटी २० लाखांच्या वर गेले. ओरिजिनल सिन २ सप्टेंबर २०१७ ला आला. माझ्यासाठी आजही हा त्यांचा सगळ्यात चांगला गेम, बाल्डर्स गेटपेक्षा पण, आणि यावर कुणाशीही बसून बोलायची माझी तयारी आहे. तेल सांडलं की ते पेटतं, पाण्यानं विझतं, विझताना वाफ होते, त्या वाफेत वीज सोडली की आतले सगळे गारद. हे सगळं नियमानं चालतंय, आणि जो नियम शत्रूला तोच तुम्हाला. फेन नावाचा एक हाडांचा सापळा आहे, तो मेलेलाच, म्हणून औषधानं त्याला इजा होते आणि विष प्यायला की तो बरा होतो. फेन माझ्याकडं होता, धाकट्यानं पहिल्या मोठ्या लढाईत मायेनं त्याच्यावर बरं करायचा मंत्र टाकला आणि मीच आडवा झालो. पेट पॅल नावाची कला घेतली की जनावरं बोलतात, कोंबड्यांना, उंदरांना, कुत्र्यांना प्रत्येकाला काहीतरी सांगायचं असतं, आणि ती कला घेतली नाही तर ते सगळं तुम्हाला कळतच नाही. किती खेळाडू ते बघणार पण नाहीत हे माहीत असून कुणीतरी बसून ते लिहिलंय. पार्टीच्या तारखेवर काम करणारा हे लिहीत बसत नाही, त्याला परवडतच नाही.

आता बाल्डर्स गेट. पहिले दोन भाग बायोवेअरचे, १९९८ आणि २०००. त्यानंतर वीस वर्षं तिसरा भाग आला नव्हता. विंकेनं ओरिजिनल सिननंतर डंजन्स अँड ड्रॅगन्सच्या मालकांकडं त्याचे हक्क मागितले होते तेव्हा नाही म्हटलं गेलं. दुसऱ्या भागाच्या वेळी मात्र होकार मिळाला. म्हणजे मित्रा, नाव मिळालं म्हणून काम चांगलं झालं नाही, काम चांगलं होतं म्हणून नाव मिळालं. ऑक्टोबर २०२० ला पहिला अंक लोकांच्या हातात दिला आणि जवळजवळ तीन वर्षं ते ऐकत ऐकत सुधारत राहिले. ३ ऑगस्ट २०२३ ला पूर्ण गेम आला. आमच्याकडं तेव्हा पावसाची झड लागलेली, दीडशे जीबीची फाइल, लाईट ये-जा करतीय, दोन रात्री डाउनलोडलाच गेल्या.

गेमबद्दल नवीन काय सांगू, सगळ्यांनी खेळलाय. एकच सांगतो. फासा पडतो ना स्क्रीनवर, वीस बाजूंचा, काम जमलं का फसलं ते ठरवणारा, तो कमी पडला तर आधी मी पटकन जुना सेव्ह लोड करायचो. दहा-बारा तासांनी ते बंद केलं, कारण कळलं की हरल्यावरचा रस्ता पण तितक्याच मनापासून बांधलाय. तिसरा अंक सुरुवातीला अडखळत चालायचा, माझ्या मशीनवर तर फार, ते खरंच कच्चं राहिलं होतं आणि ते नाकारायचं कारण नाही. पण नंतर अपडेटवर अपडेट देत गेले, एप्रिल २०२५ चा आठवा मोठा पॅच तर १२ नवीन सबक्लास, म्हणजे पात्रांचे उपप्रकार, घेऊन आला, फुकट.

गेम यायच्या आधी काही डेव्हलपर बोलत होते की याला मापदंड धरू नका, एवढी मोठी टीम, एवढी वर्षं सगळ्यांना मिळत नाहीत. त्यावर खेळणाऱ्यांनी त्यांना लई शिव्या घातल्या. मला ते डेव्हलपर बरोबर वाटतात. नोकरीवरच्या माणसाला कशाला शिव्या द्यायच्या, त्याच्या हातात तारीख आहे का? चारशेहून जास्त माणसं मोठ्या प्रकाशकांकडं पण असतात. माल तयार झाला का नाही हे ठरवायचा अधिकार कुणाकडं आहे, मला तेवढंच विचारायचं असतं. लॅरियनमध्ये टेन्सेंट या मोठ्या चिनी कंपनीचा ३० टक्के वाटा आहे, हे पण खरं, लपवायचं कारण नाही. पण सूत्रं विंकेकडंच आहेत आणि तो अजून स्वतः गेम करतो.

डिसेंबर २०२३ ला द गेम अवॉर्ड्समध्ये गेम ऑफ द इयर मिळालं, विंके अंगावर चिलखत घालून स्टेजवर आला, आणि त्या आनंदाच्या क्षणी त्यानं आठवण काढली ती नुकत्याच गेलेल्या आपल्या सहकाऱ्याची. त्याच महिन्यात डंजन्स अँड ड्रॅगन्सची मालक कंपनी हॅस्ब्रोनं सुमारे ११०० माणसं कमी करायचं जाहीर केलं. विंके नंतर म्हणाला की बाल्डर्स गेटच्या पहिल्या मीटिंगला समोर जे लोक बसले होते त्यातलं जवळजवळ कुणीच उरलं नाही. गेमनं जग जिंकलं आणि ज्यांनी त्याला होकार दिला ते घरी गेले. हे वाचून मला वाईट वाटलं, अजून वाटतं.

आणि मार्च २०२४ ला लॅरियननं सांगून टाकलं, बाल्डर्स गेटचा चौथा भाग करणार नाही, तिसऱ्याचा विस्तार पण करणार नाही, आमचं आम्ही नवीन करणार. लोक म्हणाले वेडे आहेत, छापखाना हातात असताना सोडतात. बाल्डर्स गेट कितीही मोठा झाला तरी ते ड्रॉइंग दुसऱ्याचं होतं. अण्णांना मी हे जेवताना सांगितलं, त्यांना गेममधलं काही कळत नाही, पण घास थांबवून म्हणाले, "मग बरोबर केलं त्यांनी."

धाकटा शनिवारी पुण्याहून येतोय. ओरिजिनल सिन २ फोर्ट जॉयपासनं परत सुरू करतोय, चार जणांना मिळून खेळता येतं, आम्ही दोघं आहोत. दोन जागा आहेत, ज्याला यायचंय त्यानं मेसेज करा. रंकाळ्यावरच्या मित्रा, एक तुझ्यासाठी धरून ठेवलीय.